एक्केचाळीस कार्डांचा डबा

शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये म्हणतात. पण मावशींना शहाणं म्हटलंय कुणी? शहाणी बाई असती तर तिने तो डबा निरीक्षकासमोर स्वतःच्या हाताने उघडलाच नसता. त्याने मागितला नव्हता हो! तो बिचारा पोती मोजून, काटा तपासून, रजिस्टर चाळून चहा घ्यायच्या बेताला आला होता. हिलाच फुशारकी मारायची हुक्की आली.

आधी दुकान कसलं ते सांगतो. सरकारी धान्याचं. तांदूळ, गहू, साखर, आणि नशीब जोरावर असलं तर तेल. गल्लीच्या तोंडाशी तळमजल्यावर एक शटर, आत काटा, टेबल, भिंतीला लागून पोत्यांची थप्पी, आणि बाहेर एक काळा फळा. फळ्यावर दोनच गोष्टी लिहिलेल्या असायच्या, 'माल आला' नाहीतर 'माल नाही'. नवरा गेल्यावर परवाना मावशींच्या नावावर झाला, त्यालाही बावीस वर्षं होऊन गेली होती. अख्खी गल्ली त्यांना मावशी म्हणायची. त्यांच्याहून वीस वर्षांनी मोठी माणसंसुद्धा.

या धंद्यात एक गोम असते. माल कधी येणार हे कुणालाच ठाऊक नसतं. ट्रक पाच तारखेला म्हणून यायचा आणि सतराला उगवायचा. तरण्याताठ्या माणसांचं काही बिघडत नाही, फळा वाचून ती चालू पडतात. पण म्हातारी माणसं तीन तीन जिने उतरून, काठी टेकत यायची आणि 'माल नाही' वाचून तेवढेच जिने परत चढायची. एका आजीने एकदा वैतागून कार्ड टेबलावर आपटलं. "ठेव बाई तुझ्याकडेच! माल आला की बांधून ठेव, मी कुणालातरी पाठवते." मावशींनी ठेवलं. पुढच्या महिन्यात आणखी दोघांनी ठेवलं. एकाचं बघून दुसरा, दुसऱ्याचं बघून तिसरा, असं करता करता बिस्किटांच्या पत्र्याच्या डब्यात एक्केचाळीस कार्डं झाली.

ट्रक रिकामा झाला की मावशी डबा काढून बसायच्या. कार्डागणिक माल मोजायचा, पिशवीत बांधायचा, कार्डावर नोंद करायची, आणि रजिस्टरमध्ये जिथे घेणाऱ्याची सही हवी तिथे त्याचं नाव स्वतःच्या अक्षरात लिहून टाकायचं. ज्यांचं न्यायला कुणी नसे त्यांच्या दारात त्या स्वतः पिशवी पोचवायच्या. प्रत्येक कार्डाला टाचणीने एक चिठ्ठी लावलेली. 'दार उघडायला वेळ लागतो, थांबावे.' 'साखर नको, डॉक्टरांची मनाई.' 'मुलाच्या हाती देऊ नये, विकतो.'

आता नियम असा, की कार्ड ज्याचं त्याच्याकडेच राहिलं पाहिजे. दुकानात दुसऱ्याचं एक जरी कार्ड सापडलं तरी परवाना धोक्यात. नियम उगाच झालेला नाही. लबाड दुकानदार गरिबांची कार्डं दाबून बसतात आणि त्यांच्या वाट्याचं धान्य काळ्या बाजारात फुंकतात. मावशींना नियम पाठ होता, परवान्याच्या पाठीवरच छापलेला होता. पण तो चोरांसाठी आहे, आपण कुठे चोर आहोत, अशी त्यांची भाबडी समजूत. सरकारी कागद माणूस बघून वाचला जातो असं वाटायचं त्यांना.

तर त्या दिवशी निरीक्षक नवा होता. तरुण, इस्त्रीचा शर्ट, हसून बोलणारा. माल आणि रजिस्टर तंतोतंत जुळलं तेव्हा तो म्हणाला, "मावशी, असं दुकान मी अजून पाहिलं नाही."

झालं! मावशींना चढलं मूठभर मांस. "अहो, हे तर काहीच नाही," म्हणत त्यांनी खालच्या फळीवरून डबा काढला. "हे बघा. एक्केचाळीस म्हाताऱ्यांची कार्डं. इतक्या वर्षांत एक हरवलं नाही की एकाचा दाणा कमी झाला नाही."

निरीक्षकाचं हसू तिथेच थांबलं. त्याने एक कार्ड उचललं, चिठ्ठी वाचली, रजिस्टरमध्ये नाव शोधलं, आणि मग दुसरं उचललं. मावशी आपल्या कौतुकाने सांगतायत, "ही दुसऱ्या गल्लीतली, हिला ऐकू येत नाही." आणि तो मान खाली घालून लिहितोय. हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते याला. तासाभराने त्याने पंचनामा पुढे सरकवला आणि मावशींनी चष्मा न लावता खाली सही ठोकली. त्यांना वाटलं, शाबासकीचाच कागद असेल.

घरी गेल्यावर मुलाने तो वाचून दाखवला. 'दुकानदाराच्या ताब्यात एक्केचाळीस कार्डे मिळून आली. कार्डांस सांकेतिक नोंदी जोडलेल्या आढळल्या. रजिस्टरातील एक्केचाळीस सह्या एकाच हस्ताक्षरात आहेत.' मुलगा बस चालवायचा, दिवसभर शिव्या खाऊन आणि देऊन घरी यायचा, पण त्या दिवशी त्याने कागद हळूच घडी घालून ठेवला. शेवटी एवढंच म्हणाला, "आई, सांकेतिक म्हणजे तुझ्या त्या चिठ्ठ्या गं."

परवाना आधी स्थगित झाला आणि तीन महिन्यांनी रद्द. आदेशात शेवटी एक ओळ होती, 'सबब सदर दुकानदाराने धान्याचा अपहार केल्याचा संशय बळावतो.' मावशींनी तो शब्द मुलाला दोनदा विचारला. अपहार म्हणजे काय रे? मुलाने सांगितलं. त्यानंतर पुढचे दोन दिवस त्या घरातून बाहेर पडल्या नाहीत. दुकान गेल्याचं दुःख होतंच, पोटावर पाय आला होता. पण त्याहून जास्त टोचला तो एक शब्द. सरकारने लेखी चोर म्हटलं होतं त्यांना.

वरच्या साहेबाकडे अपील केलं. त्याने दोन ओळींत फेटाळलं, तेही 'दुकानदार' खोडून वर 'दुकानदारीण' असं लिहून. मुलगा म्हणाला, "पुरे झालं. शटर उघड आणि भाजी विक, चप्पल विक, काय वाटेल ते विक." सून म्हणाली, "आई, तब्येत बघा आपली." सगळं खरं होतं. पण मावशींनी हट्टच धरला. "मला भाजी विकायला लाज नाही. पण चोर म्हणून भाजी विकणार नाही."

म्हणून मोठं कोर्ट. दीड तासाचा बसचा प्रवास, मग दगडी जिना, मग लांबलचक व्हरांडा, तिथे भिंतीला टेकून बसलेली त्यांच्यासारखीच माणसं, प्रत्येकाच्या मांडीवर एक फुगलेली पिशवी. वकील मिळाला तो पन्नाशीचा, बोलका, पत्त्यांचा शौकीन. कागद बघून त्याने टेबलावर बोटं वाजवली.

"मावशी, केस अगदीच पडकी नाही. पण मला माणसं हवीत. या एक्केचाळीसांपैकी दहाजणांनी जरी प्रतिज्ञापत्र दिलं, की कार्ड आम्ही राजीखुशीने ठेवलं आणि धान्य पूर्ण मिळालं, तर हा आदेश टिकत नाही."

"दहाच? अहो, एक्केचाळीसच्या एक्केचाळीस आणते," मावशी म्हणाल्या.

आणि निघाल्या दारोदार. पहिल्या दारात चहा मिळाला, दुसऱ्या दारात चहा मिळाला, तिसऱ्या दारात चहाबरोबर दुकानाची चौकशीही झाली. "काय हो हे मावशी, तुमच्यावर ही वेळ!" सगळे हळहळले. पण कागद पुढे केला की सगळ्यांच्या तोंडात मिठाची गुळणी. एकाचा हात दुखत होता. एकाचा मुलगा घरात नव्हता, त्याला विचारल्याशिवाय कसं करणार? कार्ड टेबलावर आपटणारी ती पहिली आजी, तिला तर आता काही आठवतच नव्हतं. मावशी तिच्या खाटेशी बसून तिला महिना, वार, पाऊस होता की ऊन, सगळं सांगत राहिल्या. आजी छताकडे बघत राहिली.

सातव्या दारात एका सुनेने सोक्षमोक्ष लावला. "मावशी, राग मानू नका. पण आम्ही कुठे कार्ड दिलं होतं? तुम्हीच ठेवून घेतलं होतं ना?"

मावशींना वाटलं थट्टा करतेय. पण त्या बाईचे डोळे भरले होते. "अहो, साहेब चौकशीला आले होते. म्हणाले, तुम्ही स्वतः दिलं असेल तर तुमचंही कार्ड जाईल. आम्ही काय करणार, सांगा ना."

वकिलाने चौकशीच्या नकला काढल्या तेव्हा सगळा उलगडा झाला. एकोणचाळीस जबाब. प्रत्येकात तेच वाक्य, 'दुकानदाराने माझे कार्ड स्वतःकडे ठेवून घेतले.' खाली कुणाची सही, कुणाचा अंगठा. मावशी एकेक पान उलटत गेल्या. हा गुडघेदुखीवाला, ही बहिरी, हा ज्याचा मुलगा धान्य विकतो तो. नावं त्यांनी इतकी वर्षं स्वतःच्या हाताने लिहिली होती, आता त्यांच्या त्यांच्या हातची पहिल्यांदा बघत होत्या. ज्याचं करावं भलं तो म्हणतो माझंच खरं, हे त्यांनीही कितीदा दुसऱ्यांबद्दल म्हटलं असेल. स्वतःवर आलं तेव्हा त्या नुसती पुढची पानं उलटत राहिल्या.

"एकोणचाळीसच आहेत," वकील म्हणाला. "उरलेले दोन?"

"एकजण चौकशीच्या आधीच वारला," मावशी म्हणाल्या. "आणि दुसरे टेलरबाबा. ते तेव्हा दवाखान्यात होते, डोळ्यांच्या ऑपरेशनला."

टेलरबाबा चौऱ्याऐंशी वर्षांचे. जन्मभर काळे कोट शिवले. काळ्या कापडावर काळा टाका घालून घालून नजर गेली, आणि ऑपरेशननंतर उरलीसुरलीही गेली. आता खिडकीकडे तोंड करून बसले की उजेड आहे की अंधार एवढं कळायचं. तिसऱ्या मजल्यावर दोन खोल्या, मुलगा, सून, दोन नाती आणि हे. मुलाला काम कधी असायचं कधी नसायचं. घर चालायचं ते बरंचसं त्या कार्डावर.

मावशी बोलायच्या आधीच बाबा म्हणाले, "मला सगळं कळलंय. बसलीस का? बस. माझ्याकडे यायला इतके दिवस लावलेस?"

"बाबा, लोक म्हणतात कार्ड जाईल."

"लोक कायपण म्हणतात. कार्ड मी दिलं, माझ्या हाताने दिलं, धान्य आलं नाही असा एक महिना नाही. आता हे कुठे सांगायचं ते सांग."

मावशींनी वकिलाला विचारलं होतं. वकिलाने हात झटकले होते, "भीती घालतात हो. म्हाताऱ्या माणसाचं कार्ड रद्द करा असा नियम मी तरी कुठे वाचलेला नाही." तेव्हा मावशींच्या मनाला बरं वाटलं होतं, तेच त्यांनी बाबांना सांगितलं. बाबांची सून स्वयंपाकघराच्या दारात उभी राहून ऐकत होती.

प्रतिज्ञापत्र करायला बाबांना खाली आणायचं म्हणजे मोहीमच होती. त्यांच्या मुलाने एका बाजूने धरलं, मावशींनी दुसऱ्या, आणि मधल्या जिन्यावर बाबांनी दोघांना दम भरला, "मी काय कपाट आहे का?" कागद करणाऱ्याने शाईचा डबा उघडून त्यांचा अंगठा धरला तेव्हा बाबांनी हात काढून घेतला.

"अंगठा नाही. सही करणार."

"आजोबा, दिसत नाही तुम्हाला."

"दिसत नाही. येतं."

त्या माणसाने त्यांचं बोट ओळीवर नेऊन ठेवलं. बाबांनी पेन धरलं, जरा थांबले, आणि एकेक अक्षर काढत गेले. शेवटची दोन अक्षरं ओळ सोडून खाली घसरली. पाच मिनिटं गेली त्याला, मागची माणसं कुरकुरायला लागली. सही झाल्यावर बाबांनी विचारलं, "वाचता येते का?" मावशी म्हणाल्या, "स्वच्छ आहे बाबा." चौदा वर्षांनी केली होती त्यांनी सही. परत जिना चढताना ते चक्क गुणगुणत होते.

वकिलाने कागद हातात धरून उडवल्यासारखा केला. "बास! हे हुकमाचं पान. आत्ता नाही टाकायचं. आत्ता टाकलं तर ते लोक म्हाताऱ्याच्या घरी जाऊन त्याचा जबाब फिरवतील. शेवटच्या सुनावणीला, ऐन वेळी." मावशींना पत्त्यातलं काही कळत नव्हतं. त्यांनी मान हलवली.

मग सुरू झाल्या तारखा. तारीख म्हणजे काय हे ज्याने भोगलं त्यालाच कळतं. पहाटे उठायचं, डबा बांधायचा, बस धरायची, व्हरांड्यात बसायचं, संध्याकाळी कळायचं की आज आपला नंबर लागत नाही. कधी सरकारी वकील आजारी, कधी फाईल सापडत नाही, कधी फाईल सापडते पण ती भलत्याच दुकानाची. अशी तीन वर्षं गेली. मावशींच्या दुकानाची सगळी कार्डं पुलापलीकडच्या दुकानाला जोडली गेली होती. त्यांचं स्वतःचंसुद्धा. त्या तिथल्या रांगेत उभ्या राहायच्या आणि मागून कुजबुज यायची, "हीच ना ती?" घरी शटर बंदच होतं. मुलाने एकदा भाडेकरू आणला, मावशींनी त्याला उभं केलं नाही. "निकाल लागू दे," एवढंच म्हणायच्या. मुलाने बोलणं कमी केलं. सुनेने विचारणं सोडलं. टेलरबाबा तेवढे दर तारखेनंतर निरोप पाठवायचे, "माझा कागद वाचला का?" आणि मावशी निरोप पाठवायच्या, "अजून नाही बाबा."

शेवटची सुनावणी लागली तेव्हा समोर न्यायाधीश बाई होत्या. किरकोळ अंगाच्या, हळू बोलणाऱ्या. पण त्यांनी फाईल खरोखर वाचली होती! मावशींना तीन वर्षांत फाईल वाचलेलं माणूस पहिल्यांदा दिसत होतं. बाईंनी एक पान वर धरलं. "या सांकेतिक नोंदी म्हणता त्या ह्याच का? 'दार उघडायला वेळ लागतो, थांबावे'?" कोर्टात कुणीतरी हसलं. बाई हसल्या नाहीत. "यात संकेत कुठला आहे, मला समजलं नाही."

मागच्या बाकावर मावशींनी पिशवीचे बंद घट्ट धरले. मिळतंय. दुकान परत मिळतंय, आणि तो शब्द जातोय.

सरकारी वकील उठला. त्याने एक कागद पुढे केला. पुरवठा खात्याचं नवं परिपत्रक, गेल्याच महिन्यातलं. कार्ड दुकानदाराकडे ठेवणं हा दोघांचा गुन्हा धरायचा. जो कार्डधारक स्वतः कार्ड दिल्याचं कबूल करेल त्याचं कार्ड कायमचं बंद, जुनं प्रकरण असलं तरी. "खातं या बाबतीत किती कडक आहे हे कोर्टाच्या नजरेस आणायचं आहे," तो म्हणाला आणि बसला.

बाईंनी परिपत्रक वाचलं, बाजूला ठेवलं आणि मावशींच्या वकिलाकडे बघितलं. "एकोणचाळीस जबाब तुमच्या विरोधात आहेत. हे दबावाने घेतलेत असं तुमचं म्हणणं. मला ते पटूही शकतं. पण निदान एक कार्डधारक असा आहे का, जो म्हणतो की कार्ड मी स्वतःच्या मर्जीने दिलं?"

वकिलाने तीन वर्षं याच वाक्याची वाट बघितली होती. त्याचा हात फाईलकडे गेला. मावशींनी मागून त्याचा काळा कोट धरून ओढला.

"ते नका देऊ, साहेब."

"काय?" वकील वाकून कुजबुजला. "मावशी, वेड लागलंय का? हा एकच कागद आहे आपल्याकडे."

"त्यांचं कार्ड जाईल. आत्ता वाचलं ना त्यांनी. पाच माणसं खातात त्याच्यावर."

"पुढचं पुढे बघू. दुकान परत मिळतंय तुम्हाला, कळतंय का?"

"कळतंय," मावशी म्हणाल्या. "नका देऊ."

"काही अडचण आहे का?" बाईंनी वरून विचारलं.

वकील सरळ उभा राहिला. त्याच्या मानेवरची फुगलेली शीर मावशींना मागून दिसली. "नाही. आम्ही तसं काही दाखल करत नाही."

बाईंनी त्याच्यामागे बसलेल्या मावशींकडे एकदा बघितलं. मग त्यांनी निकाल सांगायला सुरुवात केली. पाच मिनिटं लागली असतील. याचिका फेटाळली. व्हरांड्यात वकिलाने प्रतिज्ञापत्र मावशींच्या पिशवीत कोंबलं आणि दुसऱ्या केससाठी निघून गेला. मावशी बाकावर बसल्या आणि पदराचा बोळा तोंडात धरून रडल्या. शेजारच्या माणसाने पाण्याची बाटली पुढे केली. तिथे रडणाऱ्या बाईकडे कुणी वळून बघत नाही.

मुलाला त्यांनी खरं सांगितलं. तो म्हणाला, "तीन वर्षं घालवलीस आणि शेवटी तूच?" दुसऱ्या दिवशी भाडेकरू शटरची मापं घेऊन गेला, मावशी आडव्या आल्या नाहीत.

टेलरबाबांचा निरोप आठ दिवसांनी आला. 'निकालाचा कागद घेऊन ये.' मावशींनी मनाशी ठरवलं होतं, सांगायचं की बाबा, तुमचं सांगणं त्यांनी मानलं नाही. खोटं तर खोटं. म्हातारा चार शिव्या कोर्टाला घालेल आणि सोडून देईल. त्या तिसरा मजला चढून गेल्या. बाबा खिडकीशी बसले होते. सुनेने पाणी आणून दिलं आणि दाराशी उभी राहिली.

"हरलो बाबा," मावशी म्हणाल्या.

"ते ऐकलं मी. कागद वाच. सगळा वाच."

मावशी वाचायला लागल्या. पहिलं पान गेलं, दुसरं गेलं. चिठ्ठ्यांबद्दल बाईंनी चार बरे शब्द लिहिले होते, ते त्यांनी जरा मोठ्याने वाचले. तिसऱ्या पानावर त्या अडखळल्या.

"पुढे?"

"पुढे तेच आहे बाबा, कायद्याचं काहीतरी."

"पुढे वाच."

मावशींना खोटं बोलायची सवय नव्हती हो. सगळी तयारी करून आलेली बाई ऐन वेळी कोसळली. त्यांनी वाचलं, "'एक्केचाळीस कार्डधारकांपैकी एकही कार्डधारक याचिकाकर्तीच्या बाजूने पुढे आलेला नाही.'"

बाबांची मान खिडकीकडून वळली. "एकही नाही? मग मी काय मेलो होतो?"

"बाबा, सरकारने नवा कागद काढलाय. तुम्ही दिलं म्हणालात तर तुमचं कार्ड कायमचं बंद होणार होतं. नाती आहेत घरात. मग मी वकिलांना म्हटलं, राहू दे."

"मला विचारलंस?"

"तिथे कुठे वेळ होता बाबा? मी तुमच्यासाठीच..."

"कार्ड माझं, जाऊ दे नाहीतर राहू दे, ते मी बघितलं असतं. उपाशी राहायचं का नाही तेही मी बघितलं असतं." बाबांचा आवाज चढला नव्हता, त्यामुळे ते ऐकणं जास्तच जड जात होतं. "इतकी वर्षं रजिस्टरात माझ्या जागी तूच सही करायचीस. मी काही म्हटलं नाही. मला दिसत नाही, जिना उतरता येत नाही, ठीक आहे. पण हे एक काम मी स्वतः केलं होतं. खाली येऊन केलं होतं. ती सहीसुद्धा तू ठेवून घेतलीस."

"दे माझा कागद," बाबा म्हणाले.

त्यांनी पिशवीतून प्रतिज्ञापत्र काढून त्यांच्या हातात दिलं. बाबांनी ते चाचपलं, चार घड्या घातल्या, शर्टाच्या खिशात ठेवलं आणि तोंड खिडकीकडे फिरवलं. चहाचं कुणी विचारलं नाही. मावशी उठल्या.

सून त्यांच्या मागोमाग जिन्यापर्यंत आली. दार ओढून घेऊन तिने एकदम मावशींचे दोन्ही हात धरले. "फार बरं केलंत मावशी. मी तुमचे उपकार विसरणार नाही. कार्ड गेलं असतं तर आम्ही कुठे गेलो असतो?" मग तिने हात सोडले. "पण आता थोडे दिवस येऊ नका. ते मनाला फार लावून घेतात, जेवत नाहीत मग."

"नाही येत," मावशी म्हणाल्या.

जिना अरुंद होता, कठडा धरून त्या एकेक पायरी उतरू लागल्या. कचेरीत, कोर्टात, लोकांच्या दारांत, जिथे जिथे गेल्या तिथे तीन वर्षं त्या एकच वाक्य सांगत आल्या होत्या, की मी कुणाचं काही ठेवून घेतलं नाही. आज बाबांसमोर तेवढं एक वाक्य त्यांना म्हणता आलं नव्हतं.